हिराजीमामांची रानातली खानावळ

हिराजीमामा रिकाम्या खोलीचंही दार वाजवायचे. आत कोणी नाही हे त्यांना माहीत असायचं, किल्ली त्यांच्याच हातात असायची. तरी बोटाच्या पेरांनी तीनदा टकटक, मग क्षणभर थांबणं, आणि मग कुलूप. पहिल्या आठवड्यात मी हे चार-पाचदा पाहिलं आणि वेळ वाया जातो म्हणून विचारलं.

"माथेरानची खोड हाय ताई," ते म्हणाले. "वरती मागच्या खिडकीतनं माकड शिरलेलं असतंय. दार वाजवलं का ते आल्या वाटंनं जातं. न वाजवता उघडलं तर त्याला दाराचीच वाट दिसते, आन् मधी आपण."

"इथे खिडक्यांना जाळ्या आहेत, मामा."

"हायत ना. पन हाताला कोण सांगणार?"

माथेरानच्या एका हॉटेलात त्यांची एकतीस वर्षं गेली होती. भांडी घासण्यापासून सुरुवात, मग वाढपी, मग जेवणघराचे मुख्य, शेवटची बारा वर्षं व्यवस्थापक. त्या डोंगरावर मोटारींना बंदी, सगळं पायी. गुडघे गेले तेव्हा ते खाली कर्जतजवळच्या आपल्या गावी आले आणि दिवाळीनंतर माझ्याकडे कामाला लागले. पळसदरीच्या पुढे, डोंगराच्या पायथ्याशी, रानाला लागून माझं आठ खोल्यांचं गेस्टहाऊस आहे. त्याआधी बावीस वर्षं मी खालापूरच्या बाजूला एका कारखान्याच्या कार्यालयात होते. तिथून मी एकच गोष्ट बरोबर आणली, ती म्हणजे याद्या करण्याची सवय. खोली तयार झाली की नाही हे तपासायला माझी चौतीस कलमांची यादी होती. मामांना कामावर घेताना मी ती त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी चष्मा लावून ती दोनदा वाचली.

"झ्याक हाय," ते म्हणाले. "पन पाहुण्याला झोप लागली का नाय, ते ह्यात कुठं लिवायचं?"

मी पस्तिसावं कलम लिहिलं.

आमचं पटलं ते अशा गोष्टींवरून. ते फार बोलायचे नाहीत, पण धंद्याबद्दल जे बोलायचे ते कामाचं असायचं. "गिऱ्हाईक आल्याआल्या भांडलं तर त्याला भूक लागलीय, आन् जाताना भांडलं तर आपली चूक हाय." हे मी नंतर पडताळून पाहिलं. बहुतेक वेळा खरं निघालं.

आमच्याकडे गर्दी शनिवार-रविवारची. मधल्या दिवसांत दुपारी कामं संपली की काऊंटरवरच्या टॅब्लेटवर मी एक खेळ खेळायचे. रानात राहायच्या खोल्यांची एक खानावळ असते, ती आपण चालवायची. पाहुणे आणि कामगार, सगळी जनावरंच. पाहुण्यांना खोल्या द्यायच्या, जेवण करायचं, रानातून अळंबी आणि बोरं गोळा करायची. पाहुणे खूश झाले की तारे मिळतात, तारे वाढले की नवीन खोली बांधता येते. रोज सकाळी खेळच आपल्याला कामांची यादी देतो. हा खेळ माझ्यासारख्यांसाठीच केलेला आहे, आणि रोज वीस मिनिटं तो खेळायची मला कधी लाज वाटली नाही. माझ्या खानावळीला पाच तारे होते.

मामांना मी तो दाखवला तेव्हा त्यांचा पहिला आक्षेप घुबडावर होता.

"दारात घुबड बशिवलंय?"

"ते हुशार असतं, मामा. कोण आलं, कोण गेलं, सगळं तेच लिहून ठेवतं."

"असंल हुशार. पन गिऱ्हाईक उंबरा चढंल का?"

"मग कुठे बसवू?"

"कोठीत टाका. उंदरांचं तरी बघंल."

"उंदीर आपले पाहुणे आहेत. तीन नंबरला एक कुटुंब उतरलंय."

आता प्रश्न धंद्याचा झाला होता. मामा म्हणाले, "मंग दोघांच्या जेवणाच्या येळा येगळ्या ठेवा."

त्या दिवसापासून त्यांनी त्याच टॅब्लेटवर स्वतःची खानावळ उघडली. माझं झालं की ते बसायचे. एका बोटाने, सावकाश, जणू काचेखाली कोणी झोपलंय. स्वयंपाकघरात काम करणारी सोमी येता-जाता थट्टा करायची. "मामा, तुमचं अस्वल भाजी करपवतंय बघा!" मामा मान वर न करता म्हणायचे, "करपू दे. शिकंल. तू बी करपवूनच शिकलीस गं."

सोमीबद्दल सांगायला हवं. डोंगरालगतच्या वाडीतून माझ्याकडे चार बायका कामाला येतात, त्यांतली ती सगळ्यात जुनी. सहा वर्षं आमचं स्वयंपाकघर तिच्या हातावर चाललं आहे. पाहुणे जाताना वहीत अभिप्राय लिहितात, त्यात खोलीपेक्षा तिच्या भाकरीचं नाव जास्त येतं. तिचा नवरा माथेरानला घोडे धरतो, त्यामुळे घरची भाताची दोन खाचरं तिच्या एकटीच्या अंगावर. आणि भाताची लावणी येते ती जुलैत, म्हणजे धबधबे बघायला मुंबई-पुण्याची माणसं आमच्याकडे लोटतात तेव्हाच.

मामा येण्याआधीच्या जुलैत, एका शनिवारी आठही खोल्या भरलेल्या असताना, चारही बायका आल्या नाहीत. निरोप नाही, काही नाही. मी गाद्या स्वतः घातल्या आणि जेवण कुंभिवलीच्या रस्त्यावरच्या एका ढाब्यातून आणवलं. नऊ दिवसांनी चौघी परत आल्या, जणू काल संध्याकाळीच गेल्या होत्या. मी ओरडले नाही. मी एक पाळीपत्रक केलं. लावणीच्या दिवसांत प्रत्येकीला दोन दिवस रजा, एका वेळी एकीने जायचं, आठ दिवसांत चौघींचं होतं. नावं अक्षरांच्या क्रमाने, म्हणजे पक्षपात नको. खाली लिहिलं की यापुढे पाळी सोडून जो जाईल त्याला परत कामावर घेतलं जाणार नाही. ते स्वयंपाकघराच्या दारावर चिकटवलं आणि वाचूनही दाखवलं. चौघी म्हणाल्या, "व्हय ताई." मी त्याला होकार समजले.

मामांनी ते पत्रक पहिल्या दिवशीच वाचलं होतं. तेव्हा काही बोलले नाहीत. जून अर्धा सरला, पाऊस लागला, तेव्हा एका दुपारी माझ्या खांद्यावरून खेळ बघत म्हणाले, "ही दारावरची पाळी तुमच्या ह्या खानावळीत बी हाय का?"

"आहे ना. म्हणून तर नीट चाललीय."

खेळात प्रत्येक कामगाराच्या डोक्यावर एक लाल बदाम असतो. काम केलं की तो रिकामा होत जातो. त्याला झोपू द्यायचं, किंवा मधाचा चहा पाजायचा. चहा दिला की बदाम लगेच भरतो, पण लागोपाठ तीनदा दिला तर तो कामगार गाठोडं घेऊन निघून जातो. त्याने फारसं बिघडत नाही. दुसऱ्या दिवशी बटण दाबलं की नवीन येतो.

"तुमचा खाटा घालणारा ससा कितवा?" मामांनी विचारलं.

मला प्रश्न समजला नाही. सगळे ससे सारखेच दिसतात. पण खेळ सगळ्याची नोंद ठेवतो, म्हणून मी पान उघडून पाहिलं. तो नववा होता.

"माझा पहिलाच हाय," मामा म्हणाले, आणि चहा टाकायला गेले.

त्यांची खानावळ म्हणजे धंदा म्हणून यथातथाच होती, अडीच तारे. चार दिवसांनी मी पाहिलं तर खेळातही पावसाळा लागला होता. त्या ऋतूत बेडूक पाहुणे येतात आणि दुप्पट तारे देतात. माझ्याकडे बेडकांची रांग होती. मामांच्या खानावळीचे दिवे बंद, दारावर उलटी पाटी, आत चिटपाखरू नाही. वर तारे घसरून दीडवर आले होते.

"मामा, तुमची खानावळ बुडाली की!"

"बुडाली नाय. मिटलीय."

"ऐन हंगामात?"

"ससा, अस्वल, समदे लावणीला गेलेत."

मी हसले. सशाचं कुठे शेत असतं? मामा हसले नाहीत. ते स्टूल ओढून बसले. त्यांना बसून बोलायचं असलं की गोष्ट मोठी असायची.

"पूर्वी वरती आमी पावसात हाटेल बंद करायचो," ते म्हणाले. "खिडक्यांना पेंढ्याचे तट्टे, दाराला कुलूप, आन् समदी माणसं खाली. लावणी, तणाची बेणणी करून परत. एक बी माणूस शोधायला जावं लागलं नाय कधी. मंग पाऊस बघायला लोक यायला लागले. शेठ म्हणाले, हिराजी, आता बंद नाय करायचं. मी तवा नवा मॅनेजर. मी काय केलं? तुमच्यासारखंच. पाळी लावली. दोन-दोन दिवस, एका टायमाला एक."

"मग?"

"ताई, लावणी एकट्यानं व्हते का?"

मग त्यांनी मला सावड समजावली. त्यांना वाटत होतं मला ती माहीत असेल. मी तालुक्यात वाढले, पण नोकरदाराच्या घरात, आणि खरोखरच माहीत नव्हती. लावणी सावडीने होते. आज चौघी-पाचजणी मिळून सोमीच्या खाचरात, उद्या सगळ्या दुसरीच्या, परवा तिसरीच्या. ज्या दिवशी एखादी सुटली, त्या दिवशी तिच्या वाट्याचं काम कुणाच्या तरी रानात अडतं, आणि तिच्या शेताला मग कोणी येत नाही. एकीला दोन दिवस सुट्टी द्यायची म्हणजे तिला तिच्या खाचरात एकटीला उभं करायचं. माझं पाळीपत्रक न्याय्य होतं, फक्त त्याने एकीचंही शेत लागलं नसतं.

"चौघींनी मला सांगितलं का नाही?"

"तुमी विचारलं, का नुसतं वाचून दाखवलं?"

मी म्हटलं, तुमच्या वरच्या हॉटेलात पुढे काय झालं. मामांनी गुडघा चोळला.

"सात जण गेले, मी सातांची नावं हजेरीतनं काढली. नोटीस म्हंजे नोटीस. त्यांतला एक माझा धाकटा भाऊ व्हता. नोकरी गेली. दुसऱ्या साली त्यानं दुसऱ्या हाटेलात काम धरलं, आन् भीतीनं लावणीला गेलाच नाय. खाचर पडीक पडलं. पडलेलं खाचर इकत घेणाऱ्यांना दिसतं, ताई. इकलं त्यानं. आता तिथं बंगला हाय आन् खाचरात पोहायचा तलाव. पानी बारमाही असतंय त्यात."

मी काहीतरी सांत्वनाचं बोलणार होते, पण त्यांना ते नको होतं. ते उठले. "सोमी जानार हाय. नोटीस लागली तरी जानार, कारन नाय गेली तर तिचं रान बी जातंय आन् सावड बी. मंग तुमी तिला काढनार. तुमी शब्दाच्या पक्क्या हाव. तवा त्या कागदावर पाचवं नाव माझं लिवा. मी दुसऱ्यांदा ह्या कामाला हात लावायचा नाय."

दोन दिवस मी हिशेबी डोक्याने विचार केला. चार बायकांशिवाय गेस्टहाऊस चालत नाही, हे मागच्या वर्षी सिद्ध झालं होतं. नव्या चार शोधता येतील, पण सोमीची भाकरी मिळणार नाही. म्हणजे ऐन हंगामात नऊ दिवस बंद ठेवणं आणि सोमीला कायमचं गमावणं, यांतून निवडायचं होतं. कागदावर मांडल्यावर उत्तर अवघड नव्हतं. ते मला आधी सुचलं नव्हतं इतकंच. मी दारावरचं पत्रक काढलं आणि चौघींना बोलावलं.

"लावणीला आपण बंद ठेवणार. सगळ्यांनी एकदम जा."

सोमीने हात पदराला पुसले आणि माझ्याऐवजी मामांकडे बघत विचारलं, "मामा, ताईंना ताप-बीप नाय ना?"

"नाय गं. बऱ्या हायत त्या."

"मंग परत कवा यायचं?"

"तुमचं संपेल तेव्हा," मी म्हटलं.

"तसं नको," सोमी म्हणाली. "नऊ दिस म्हना. नायतर शेजारनी त्यांच्या लावणीतनं सोडायच्या नाय आमाला."

एकोणीस पाहुण्यांना फोन करावे लागले. मी यादी केली, मामा शेजारी बसून एकेका नावावर खूण करत होते. काहींनी समजून घेतलं, काहींनी आवाज चढवला. एक गृहस्थ मला काही बोलूच देईनात, तेव्हा मामांनी फोन मागून घेतला. "साहेब, पाऊस सप्टेंबरपर्यंत हाय, तो कुठं पळत नाय. रोप म्हातारं झालं तर लागत नाय. तुमी दोन आठवड्यांनी या, खोली मी तुमाला कडेची देतो." ते गृहस्थ आले. कडेच्या खोलीतच उतरले. पण सगळे असे नव्हते. इंटरनेटवर आमच्या नावाखाली दोन कडवट मजकूर आले, आणि आमचे तारे जे खाली आले ते वर यायला वर्ष लागलं.

तिसऱ्या दिवशी मामांनी मला सोमीच्या रानावर नेलं. गुडघ्यामुळे ते बांधावरच टेकले. मी छत्री धरून उभी राहिले. प्लास्टिकच्या खोळी पांघरलेल्या सातजणी वाकून मागेमागे सरकत होत्या आणि त्यांच्यापुढे चिखल हिरवा होत जात होता. मला सवयीने वाटलं, एकीने फक्त रोपांच्या जुड्या पोचवल्या तर वेळ वाचेल. मी तसं म्हटलं आणि पिशवीतून वही काढली.

"ताई, वही भिजंल!" सोमी ओरडली. सगळ्या हसल्या.

"पण उद्या कोणाचं शेत, हे ठरवतं कोण?" मी विचारलं.

"ठरवायचं काय त्यात? जिचं रोप हाताला आलं, जिच्या खाचरात पानी थांबलं, तिचं."

मी ते वहीत लिहिलं नाही. अक्षरांच्या क्रमाने मी कोणाचं नाव पहिलं घातलं होतं ते मला आठवलं. तिचं रोप त्या दिवशी वीतभरही नव्हतं.

दहाव्या दिवशी सकाळी सातला चौघी हजर होत्या. सोमीच्या बोटांची कातडी पाण्याने पांढरी पडली होती. मामांनी स्वतः चहा केला, चौघींना दिला, आणि नेहमीसारखे खोल्या उघडायला गेले.

पुढच्या वर्षी होळीच्या आधी मामा गेले. घरी, दुपारी, जेवून आडवे झाले होते. मी चौघींबरोबर त्यांच्या गावी गेले. त्यांचा भाऊ तिथे होता, दोघांचा चेहरा एकच. त्याने मला विचारलं, "दादा तुमच्याकडं काय काम करायचा?" मी म्हटलं, गेस्टहाऊस चालवायचे. त्याने मान हलवली. जे आणखी सांगण्यासारखं होतं ते सांगायचा अधिकार माझा नव्हता.

टॅब्लेट त्याच उन्हाळ्यात बिघडला आणि त्यातल्या दोन्ही खानावळी गेल्या. मामांची मी सांभाळून ठेवली असं लिहायला आवडलं असतं, पण तसं झालं नाही. नव्या टॅब्लेटवर मी तो खेळ घेतला नाही.

लावणीची सुट्टी मात्र चालू आहे. वर्षाच्या सुरुवातीला मी बारा महिन्यांचं नियोजन करते तेव्हा तिला तारीख घालता येत नाही, हे मला अजूनही खटकतं. जुलैच्या पानावर नऊ रिकामे चौकोन सोडते आणि पेन्सिलने लिहिते, सोमीला विचारणे. मग एका सकाळी ती काऊंटरपाशी येऊन म्हणते, "रोप झालं ताई, परवापासनं," आणि मी फोन हातात घेते.

या वर्षी ठाण्याच्या एक बाई फोनवर चिडल्या नाहीत, उलट त्यांना कुतूहल वाटलं. "अहो, मग ते नऊ दिवस तुम्ही एकट्या तिथे काय करता?"

"मीही जाते," मी सांगितलं. "रोपांच्या जुड्या पोचवायचं काम दिलंय मला. लावू देत नाहीत अजून. माझ्या ओळी सरळ येतात, पण रोप उभं राहत नाही म्हणतात."